आजीची हमी

वर्ध्याच्या कोर्टात चंदनच्या अटकपूर्व जामिनाची सुनावणी होती. आरोप सख्ख्या पुतणीवर हात टाकल्याचा. रिद्धी अवघी नऊ वर्षांची. वकिलाने चंदनच्या आईला, रुख्माबाईला, मुद्दाम सोबत आणलं होतं.

"आजींच्या धाकानं आख्खं सिंदी मेघे गाव चालतं, साहेब. त्या आपल्या पोराची हमी घेतात."

न्यायाधीशांनी विचारलं, "आजी, जामीन दिला तर चंदन राहील कुठं?"

"माह्याच घरी, साहेब. माह्या नजरेखाली."

वकील खूष झाला.

"आणि ती मुलगी?"

रुख्माबाईने डोक्यावरचा पदर सावरला. "तीबी माह्याच घरी राह्यते. तीबी माह्या नजरेखालीच होती, साहेब."

एका छपराखाली पोरीवर दबाव येईल, म्हणून अर्ज फेटाळला गेला.

बाहेर येताच वकील तडकला, "शिकवलं तेवढंच बोलायचं होतं ना, आजी!"

"काऊन? खोटं बोलली का मी?" रुख्माबाईने वाकून कोर्टाच्या पायरीला हात लावला आणि कपाळी नेला. "उपकार झाले साहेबाचे. 'घेऊन जा याले' हे मायच्या तोंडून निघत नव्हतं. त्याईनं लिहून देल्लं."