आमचे नोहोत

टेकचंदनं सिनेमाचं मशीन सुरू केलं, तेव्हा तिरोड्याच्या राइस मिलचं कोठार माणसांनी भरून गेलं होतं. खिडक्यांवर बारदान ठोकून भर दुपारी अंधार केला होता. समोर एक पांढरं धोतर ताणलेलं. मिलच्या डायनमोवर मशीन घरघरलं आणि धोतरावर आसामच्या चहामळ्यातली माणसं हलू लागली.

हा सिनेमा टेकचंदनं एकट्यानं काढला होता. जुना कॅमेरा घेऊन तीन वर्षं. तो त्या मळ्यातच जन्मला. आईबाप इकडूनच मजुरीला नेलेले. चित्र मुकं होतं, म्हणून तो शेजारी उभा राहून सांगत होता, आईकडून आलेल्या बोलीत.

"हे तुमच्याच गावचे लोक होत. चाळीस वर्सं झाले जाऊन. अजून पोळा करतात. बैल नाही, तं मातीचे करतात."

पुढच्या खुर्चीवरून केशोराव पाटील उठले.

"कायले दाखवून राहिला हे? हे आमचे नोहोत. आसामी होत. आमच्या गावचं कोणी गेलंच नाही."

टेकचंदचा आवाज चढला. "इंग्रज जाऊन सुराज आलं, त्याले आठ वर्सं झाले, पाटील. मळ्यात अजून आमाले कुलीच म्हणतात. तुमी आसामी म्हणता. मंग आमी कोन्या गावचे?"

पाटील तरातरा गेले आणि कोठाराचं दार सताड उघडलं. ऊन आत घुसलं. धोतरावरची माणसं पुसली गेली.

बायकांतून वच्छलाबाई उठली. पाटलांहून चार वर्षांनी मोठी.

"दार लाव, केशोराव."

"तू बस, बाई. तुले काय समजते?"

"आता त्या धोतरावर एक डोळा मिटून हासली, ते माही बहीण होय. रुख्मिणी. तुह्या बापानं मळ्यावर नेली तिले. याच ठेसनावर गाडीत बसवली. पोळ्याले वापस आणतो म्हणे. माही माय मरेपर्यंत ठेसनावर येऊन बसे. आन तू म्हणतो, कोणी गेलंच नाही?"

मग मागून म्हातारा केवलराम बोलला, "माहा भाऊबी नेला." आणखी एक आवाज आला, "माही आत्या."

पाटील कोणाकडे न पाहता उन्हात निघून गेले. वच्छलाबाईनं दार ओढलं, कडी घातली आणि ती दाराला पाठ लावून खाली बसली.

"लाव रे बापू, पहिल्यापासून. तू बोलू नको. नावं आमी सांगतो."

माणसं पुन्हा हलू लागली. अंधारातून एकेक नाव येऊ लागलं. थोड्या वेळानं बाहेरून केशोरावांनी दार ठोठावलं. मग पुन्हा ठोठावलं.

कडी काढायला कोणी उठलं नाही.