मयत प्रतिवादी

"साहेब, या बाईंनी चक्क मेलेल्या माणसावर दावा ठोकलाय!"

समोरच्या वकिलाने मृत्यूचा दाखला फडकावला आणि कोर्टात खसखस पिकली. वकीलबाईंचे कान तापले. घरमालक तीन वर्षांपूर्वीच दूरच्या शहरात, इस्पितळात वारले होते. आणि वकीलबाईंनी दावा लावला होता तो नेमका त्यांच्यावर.

मागच्या बाकावर मालकांचा मुलगा मिशीत हसत होता. वर्षापूर्वी यानेच मुलांच्या वाचनालयाला कुलूप घातलं होतं. तळमजल्यावरची एकच खोली. पण शाळा सुटली की गल्लीतली पोरं तिथे पुस्तकात डोकं खुपसून पालथी पडलेली असायची. किल्ली मागायला गेलं की याचं ठरलेलं उत्तर : "मी कोण देणार? घर बाबांचं. त्यांना विचारून सांगतो." तेच बाबा आज कागदावर मेले होते!

वकीलबाई शेजारी वळल्या. त्यांची अशील, म्हणजे ते वाचनालय चालवणाऱ्या बाई, दाखल्याकडे टक लावून बघत होत्या. वकीलबाईंना वाचायला त्यांनीच शिकवलं होतं.

"बाई, यानं मेलेल्या बापाच्या नावानं वर्षभर झुलवलं आपल्याला! लाज कशी वाटत नाही?"

"ते राहू दे. आता काय करायचं असतं?"

"दावा मागे घ्यायचा. पण पुन्हा लावायची मुभा मागून. ती मिळाली नाही, तर खोली विसरायची."

"मग माग की. गणित चुकलं म्हणून कोणी वही फेकून देतं का? खाली पुन्हा मांडायचं."

वकीलबाईंनी अर्ज दिला. "मुभा कशाला?" समोरचा वकील उसळला. न्यायाधीशांनी चष्म्यावरून मुलाकडे पाहिलं.

"वडील गेल्याचं यांना कधी कळवलं होतंत?"

मुलगा वाकून बुटाची नाडी बांधू लागला.

"दावा मागे घ्यायला परवानगी. पुन्हा दाखल करण्याची मुभा राहील. दाखला नोंदीत ठेवा."

बाहेर जिन्यावर मुलाला पुन्हा कंठ फुटला. "आता काय, वकीलबाई? समन्स स्वर्गात धाडणार?"

वकीलबाई तोंड उघडणार, तोच बाईंनी त्यांचा हात दाबला. बाईंचे डोळे भरले होते. पदराने ते टिपून त्या मुलाला म्हणाल्या, एखाद्या हट्टी पोराला समजवावं तशा :

"तुझ्या बाबांनी मृत्युपत्रात ती खोली वाचनालयाला दिलीय. कागद माझ्याकडे आहे. फक्त, ते हयात असेपर्यंत कोणाला दाखवायचा नाही, असा शब्द घेतला होता त्यांनी. त्यातून आज तू मला मोकळं केलंस, बाळा."