मधली जागा

“मधोमध म्हणजे मधोमध,” म्हणत ताइस्तोने सौनाच्या, वाफेने न्हायच्या खोलीच्या, भिंतीवर पेन्सिलीने उभी रेघ ओढली. “इकडचं बाक माझं, तिकडचं तुझं.”

“ओढा, थोरले साहेब. जमिनीवर ओढून झाली, आता भिंतीवर ओढा,” हेमो म्हणाला. धाकटा म्हणायचं एवढंच, तोही पन्नाशीला टेकला होता.

दाराबाहेर पायरीवर त्यांची आई, आउने, वाफेत अंगावर झोडून घ्यायची बर्चच्या कोवळ्या डहाळ्यांची जुडी बांधत बसली होती. वृद्धाश्रमातून तिला एका दिवसाची सुट्टी मिळाली होती. सातला गाडी न्यायला येणार. नवरा गेल्यावर पोरांनी रान वाटून घेतलं, होडीवरून बोलणं टाकलं. वाटता आला नाही तो तळ्याकाठचा हा सौना. आतली बाकं कुजली तेव्हा तिनेच हट्ट धरला, दोघांनी मिळून नवी करा आणि पहिल्या दिवशी मला न्या. तिला फार काही नको होतं. वरच्या बाकावर दोघांच्या मध्ये बसायचं, एकदाच. पोरं एवढीएवढीशी होती तेव्हापासून तिची जागा तीच.

सकाळपासून करवत चालली होती आणि ती ऐकून तिला बरं वाटत होतं. हात दोघांचाही बापाचाच. फळ्यांना स्क्रू खालूनच मारत होते. वरून मारलेला स्क्रू तापला की ढुंगणाला कसा डाग देतो, ते लहानपणी दोघंही भाजून घेऊन शिकले होते.

“एकच अखंड फळी टाकली असती तर?” तिने मध्येच विचारून पाहिलं.

“त्याच्या लाकडावर मी बसणार नाही,” आतून उत्तर आलं. कोण बोललं ते तिला कळलं नाही. आवाजही दोघांचा बापासारखाच होता.

चार वाजता भट्टी पेटली. जुन्या बाकांच्या फळ्याच सरपणाला घातल्या. पाचला आउने कपडे खुंटीला लावून, पंचा गुंडाळून, हातात जुडी घेऊन आत आली आणि दारातच थबकली. एका बाजूला ताइस्तोच्या रानातलं तांबूस आल्डरचं लाकूड, दुसऱ्या बाजूला हेमोच्या रानातलं पांढरंफटक अस्पेनचं. हे तिने धरलंच होतं. पण ताइस्तोचं बाक हेमोच्या बाकापेक्षा चांगलं वीतभर उंच होतं. मधोमध, नेमकी तिच्या जागेवर, सरळ पायरीच झाली होती.

“हे काय रे केलंत?”

“भट्टी नवी आहे, जुनीपेक्षा उंच,” ताइस्तो वरून म्हणाला. “बसल्यावर पाय भट्टीवरच्या दगडांच्या वर यायला नकोत? एवढं शेंबड्या पोराला कळतं.”

“बाबांच्या बाकाची खूण आहे भिंतीवर. मी तिच्यावरच ठेवलं,” हेमो म्हणाला. “बापाचं माप मोडणारा मी कोण?”

“बाप बरा आठवला! होडी ओढून नेताना नाही आठवला.”

“मग मी कुठे बसू?” आउनेने विचारलं.

दोघांनी एकदमच आपापल्या फळीवर थाप मारली. “इकडे ये ना, आई.”

ती त्या दोन हातांकडे बघत राहिली. इकडे बसावं तर तो हिवाळाभर भेटायला फिरकणार नाही, तिकडे बसावं तर हा. पोटची पोरं, पुरती ओळखत होती ती त्यांना. तिला रडू आलं नाही, संताप आला. ती खालच्या बुटक्या स्टुलावर बसली, पाण्याच्या बादलीशी. रांगत्या पोरांना बसवायची ती जागा.

“अगं, तिथे वाफ लागायची नाही तुला!” हेमो म्हणाला.

“नाही लागली तर नाही लागली.”

“बरं, मग टाक एक ओगराळं,” ताइस्तो म्हणाला.

तिने तापल्या दगडांवर पाणी टाकलं. चर्र झालं आणि वाफ उठून थेट वर गेली. आउनेच्या पायांना जमिनीचा गारवा झोंबतच होता.

“अजून एक, आई,” हेमो म्हणाला.

तिने टाकलं. मग ताइस्तोने मागितलं, मग पुन्हा हेमोने. दोघांचे कान लालबुंद झाले, पण आधी उतरायचं कुणी?

“घामाघूम झालात, थोरले साहेब. उतरता का?”

“तूच उतर. तुला वीतभर कमीच उतरायचंय.”

“टाक गं आई, याला बघतोच आज!”

आउनेने मान वर करून पाहिलं. याच खोलीत झाले होते दोघं, दोन वर्षांच्या अंतराने, एकाच सुईणीच्या हातून. ती ज्या बाकावर आडवी पडली होती, ते भट्टीत धडधडून जळत होतं. आणि हे दोघं वर बसून तिला पाणी मागत होते, एकमेकांना भाजायला.

तिने ओगराळं स्टुलावर ठेवलं. दोन्ही हातांनी बादली उचलली, कण्हत, पाय सांभाळत बाहेर आली आणि पाठीने दार लोटलं. जुडी आतच राहिली, कोरडी. तळ्यावर ऊन अजून लख्ख होतं.

“आई, टाक ना!” आतून दोघं एका सुरात ओरडले.

“पाणी संपलं,” आउने म्हणाली, आणि अर्ध्याहून जास्त भरलेली बादली तिने गवतावर उपडी केली.