बाझिलची ढेप

"एकटाच होता?" ओडिलनं विचारलं.

"एकटेच, मावशी," दारातला पोलीस टोपी काढून म्हणाला. "हिमनदी वितळली तसे वर आले. कमरेला तुटलेला दोर होता. शेजारीच वासराची हाडं सापडली. चुकलेलं वासरू शोधायला गेले असणार."

ओडिलनं टेबलाची कड धरली. तीसेक वर्षं सारं खोरं म्हणत होतं, तिचा नवरा बाझिल खिंड ओलांडून इटलीत पळाला, खानावळीतल्या पोरीला घेऊन. ती पोरगीही त्याच सुमारास नाहीशी झाली होती. ओडिलच्या तोंडावर कोणी बोलत नसे. पाठ फिरली की कुजबूज सुरू व्हायची.

दुपारी नणंद काठी टेकत आली. फिलोमेन ओडिलच्या गळ्यात पडून रडली.

"माझ्या भावाला मी पळपुटा म्हणत होते गं! सख्खी बहीण मी!" मग डोळे पुसून म्हणाली, "आता रीतसर माती देऊ. त्याची ढेप काढ."

खोऱ्यात रीतच होती. लग्नाच्या दिवशी नवरा-बायकोच्या नावानं चीजची एकेक ढेप, सालीवर नाव कोरून, तळघरात ठेवायची. मीठपाण्याच्या फडक्यानं पुसायची, उलटायची, उंदरांपासून जपायची. वर्षं जातील तशी ती दगडासारखी टणक होई आणि चव चढत जाई. तिला सुरी लागायची ती त्या माणसाच्या मयतीलाच. बाझिल परतला नाही तेव्हा सासूनं बजावलं होतं, "देह सापडेपर्यंत माझ्या लेकाच्या ढेपेला कोणी हात लावायचा नाही."

"मी येऊ का खाली?" फिलोमेननं विचारलं.

"नको वन्सं. तुमचे गुडघे कुठे चालतात? मी आणते."

ओडिल बराच वेळ वर आली नाही. आली ती साल तासून, ढेपेचे तुकडे करूनच.

दफन झालं. घर माणसांनी भरलं. काळ्या पावावर चीजचे पातळ काप पडले, वाइन ओतली गेली. म्हाताऱ्या गवळ्यानं एक काप तोंडात टाकला आणि डोळे मिटले. "काय राखलीय! असलं चीज मी जन्मात खाल्लं नाही."

फिलोमेन पेला घेऊन उभी राहिली. "आपण सगळ्यांनी त्याला नावं ठेवली. हिनं एकटीनं विश्वास ठेवला. इतकी वर्षं त्याची ढेप पुसत राहिली. बाझिल, तुझ्या बायकोच्या नावानं!"

पेले उंचावले. सगळे ओडिलकडे बघत होते. फिलोमेननं तिच्या हातात एक काप ठेवला.

"खा गं. तुझ्याच निष्ठेचं फळ आहे."

घास ओडिलच्या तोंडात नुसता फिरत राहिला. ही ढेप तिची स्वतःची होती. बाझिलची ढेप तिनं, सासू गेली त्याच हिवाळ्यात, वर आणली होती. रोज एक काप चुलीशी धरून, वास सुटू देऊन, बाझिलला शिव्या घालत तिनं ती एकटीनं संपवली होती.

आणि ती फार गोड लागली होती.