बिशप फर्गसची दाढ

दुसऱ्या दाढेनेही तेच सांगितलं. हा माणूस लहानपणी ज्वारी-बाजरीसारखं धान्य खाऊन वाढला होता.

शाल्मलीने लॅपटॉप मिटला, पुन्हा उघडला. स्कॉटलंडच्या या किनाऱ्यावर, मध्ययुगात, ओट आणि मासे खाणाऱ्या बिशपच्या तोंडात भाकरी कुठून येणार?

लंडनमधल्या तिच्या बॉसला उत्तर ठाऊक होतं. शाल्मलीचा पुण्यातला प्रबंध मराठवाड्यातल्या जुन्या दातांवर होता, आणि ते दात लॅबमध्ये फर्गसच्या पहिल्या दाढेसोबत एकाच फ्रीजमध्ये होते. "तू सॅम्पल्स मिसळलीस," बाई शांतपणे म्हणाल्या होत्या. शुक्रवारपर्यंत दुसरं कारण मिळालं नाही, तर नोकरी संपणार होती.

म्हणून ती आर्डकिलला आली होती, शशिकांतकाकांच्या स्वयंपाकघरात. काका म्हणजे या गावाचे निवृत्त डॉक्टर आणि चर्च समितीचे अध्यक्ष. फर्गसचं अख्खं चरित्र त्यांना तोंडपाठ.

"काका, फर्गस जन्मला कुठे?"

"इथेच. मिठागरवाल्याचा पोरगा."

"नक्की?"

"मग काय बारामतीला?"

तिला हसू आलं नाही. "इटलीत तेव्हा अशी धान्यं पिकायची. तो तिकडे गेला होता ना?"

"गेला, पण चांगला बाप्या झाल्यावर. पॅरिसला शिकला, राजाचा वकील म्हणून पोपकडे गेला, मग त्याच राजाशी भांडला. हद्दपारी भोगली आणि परत आला तो बिशप होऊन. एका जागी बसला असेल तर शपथ. तुझ्यासारखाच."

शाल्मली पुन्हा खिडकीपाशी जाऊन उभी राहिली होती.

"मोठेपणीचं खाणं या दाढेत उतरत नाही," ती म्हणाली. "ती लहानपणीच घडते. आणि ही दुसरी मी माझ्या हाताने काढली, वेगळ्या लॅबला पाठवली. मिसळायला जवळ काही नव्हतंच."

"तरी बाई ऐकत नाहीत?"

"त्यांना कारण हवंय. हाडांचं वय कळायला अजून महिना आहे. तोवर मी पुण्यात."

"खरंच काढतील?"

"माझ्या जागेवर घ्यायला माणूससुद्धा बघून ठेवलाय."

काकांनी तिच्यासमोरचा गार चहा उचलून सिंकमध्ये ओतला आणि दुसरा टाकला.

"चर्चच्या दुरुस्तीच्या वेळी फर्गसची शवपेटी उघडली तेव्हा आत मी एकटाच होतो," ते म्हणाले. "डॉक्टर म्हणून मलाच आधी पाठवलं. फर्गस सापडला नाही तर चर्च विकायचं ठरलं होतं. बाहेर सगळं गाव उभं. मी म्हटलं, नीट तपासायला हवं, उद्या या."

"उद्या का?"

"पेटी रिकामी होती गं," काका गॅस बारीक करत म्हणाले, "आणि सोलापूरला मेडिकलच्या पहिल्या वर्षी अभ्यासासाठी घेतलेला सांगाडा इथे आमच्या माळ्यावर होता."