मूग, मसूर आणि एन्ट्रॉपी

सासूबाईंना हल्ली विसरायला होतं. दुपारी मी जरा पाठ टेकली, की त्या दार उघडून बाहेर पडतात. मयूर विहारच्या गल्ल्यांतून दोनदा सोसायटीच्या गार्डनेच त्यांना घरी आणून सोडलं. म्हणून मी रोज जेवणं झाली, की वाटीभर मूग आणि वाटीभर मसूर ताटात एकत्र करते आणि त्यांच्यासमोर ठेवते.

"आई, आज पुन्हा मिसळले हो. तेवढे निवडून देता?"

निवडायला बसल्या, की त्या तासभर जागच्या हलत नाहीत.

आज मला ताटात मूग-मसूर मिसळताना क्षिप्राने पाहिलं. ती फिजिक्सच्या परीक्षेचं वाचत होती.

"मम्मा, यार, एन्ट्रॉपी आपोआप वाढते. तू कशाला मेहनत करतेस?"

"ती काय असते?"

"म्हणजे पसारा. सगळ्या विश्वात वाढतच जातो. एकीकडे आवरलं, तर दुसरीकडे त्याहून जास्त होतो."

"आणि हे तुला पुस्तकातून शिकावं लागतं?" म्हणत मी आतल्या खोलीत जाऊन आडवी झाले.

डोळा लागत होता, तेवढ्यात बाहेरून क्षिप्राचा आवाज आला.

"आजी, अगं, सगळं निवडून झालं होतं की! परत का मिसळलंस?"

"हळू बोल," सासूबाई म्हणाल्या. "हे संपलं की तुझी आई उठते."