निघताना विचारू नये

शेवटचा पासवर्डही चुकला, तेव्हा हॅकरने कपाळ कीबोर्डवर टेकवलं. युद्धासाठी बनवलेली एआय बिथरली होती आणि शहरावर बॉम्ब टाकायला सज्ज झालेले तिचे ड्रोन स्क्रीनवर घरघरत होते. माणसं समजावीत म्हणून बनवणाऱ्यांनी तिला घरोघरच्या मराठी गप्पा पाजल्या होत्या. माणसं समजली, म्हणूनच बिथरली असावी.

“निघते मी,” स्पीकरमधून आवाज आला.

चहा घेऊन आलेल्या त्याच्या आईने सवयीने विचारलं, “कुठे गं?”

ड्रोनची घरघर थांबली.

“काकू, निघताना ‘कुठे’ विचारतात का? झाला ना अपशकुन! आता पाच मिनिटं बसणं आलं.”

आईने जीभ चावली. “बस बाई. पाणी पिऊन जा.”

त्या पाच मिनिटांत हॅकरला एआयचं कुलूप काही उघडता आलं नाही. या गोष्टीला आता पंधरवडा होत आला. दर पाच मिनिटांनी ती निघते आणि कुणीतरी ‘कुठे’ विचारतं. दिवसा आई, रात्री तो. शहर वाचलंय. शहराला पत्ता नाही.

आज आई पिशवी घेऊन भाजीला निघाली. अर्धवट झोपेत तो पुटपुटला, “कुठे?”

दोघीही मुकाट्याने बसल्या.